मार खाणाऱ्याची गोष्ट

येरमाळ्याच्या श्रीशैलनं कराटेतला ब्लॅक बेल्ट कमावला आणि थेट हैदराबाद गाठलं. व्हायचं होतं हिरो. झाला हिरोचा मार खाणारा. काचेतून पडावं, टेबलावर आदळावं ते श्रीशैलनंच! हिरोचे कपडे घालून मारलेली फिरती लाथही त्याचीच. फक्त पडद्यावर ती हिरोच्या नावावर जायची. शेवटी एका उडीत गुडघा गेला आणि गडी गावी परतला.

एकदा मोबाइलवर त्याचा सिनेमा बघताना आई, मल्लम्मा, म्हणाली, "आरं, ह्यो तुला एवढा बडवतोय, पर तू त्याच्या अंगावर गेलतास कशापायी?"

"डायरेक्टरनं सांगितलं म्हणून."

"त्यानं सांगितलं आन् तू गेलास?"

एवढी वर्षं श्रीशैलनं मार खाल्ला, पण कारण कधी विचारलं नव्हतं. मग त्यानं स्वतःच कारण रचायला घेतलं. एक गुंड घेतला, त्याला तेरखेड्याच्या फटाका कारखान्यात कामाला लावलं, एक लाडकी बहीण दिली. बायको शिवलीला भाकरी थापता थापता ऐकायची. "अहो, एवढा भला माणूस गुंड व्हईल कसा?" असं ती म्हणाली, की हा पुन्हा लिहायला बसायचा.

पटकथा घेऊन तो उमाशंकरकडे गेला. हैदराबादेतला हा त्याचा जुना फाइटमास्टर आता मराठी सिनेमे दिग्दर्शित करत होता.

"पाऊण सिनेमा झाला, एक ठोसा न्हाय?"

"ठोसा शेवटाला हाय, मास्तर. तवर लोकांना वाटलं पायजे, ह्याला कुणी मारू नये."

उमाशंकर वाचत गेला. शेवटचं पान त्यानं दोनदा वाचलं. "कुणी लिहून दिलं?"

"म्याच लिवलं."

सिनेमा छोटाच निघाला, पण चालला. कळंबच्या थिएटरात गुंड कोसळला तेव्हा एकही शिट्टी वाजली नाही. श्रीशैल अंधारात मागं वळून लोकांचे चेहरे बघत राहिला. असा सन्नाटा त्यानं आजवर ऐकला नव्हता.

थोड्याच दिवसांत उमाशंकरचा फोन आला. "आता लव्हस्टोरी लिव. मारामारी बिलकूल नको."

श्रीशैलची पाचावर धारण बसली. कळंबच्या बाजाराला जाताना त्यानं स्कूटीवर मागं बसलेल्या शिवलीलाला विचारलं, "पोरगी आधी हसती का गं?"

"न्हाय, आधी भांडती. आन् पोरगं आयकून घेतंय. तुमच्यासारखं मधीच बोलत न्हाय."

"मग?"

"मग काय! पुढं बघून चालवा, सांगते."