रुखमिणीची टिचकी

पंजाबातल्या त्या नदीत बुडणाऱ्या पोरीचे सिनेमे रुखमिणीने चार पाहिले होते. गोष्ट एकच. पोरगी रोज रात्री घडा छातीखाली धरून नदीपलीकडच्या साजणाला भेटायला जाते, एके रात्री नणंद झुडपात लपवलेल्या पक्क्या घड्याच्या जागी कच्चा, न भाजलेला ठेवते, आणि तो मधल्या धारेत विरघळतो. पहिला सिनेमा लग्नाच्या वर्षी, साकोलीच्या जत्रेतल्या तंबूत. शेवटचा परवाच, लेकीच्या, मोनाच्या मोबाइलवर. हिरो बदलले, हिरॉइनी बदलल्या, घडा मात्र कच्चा तो कच्चाच.

आणि दर वेळी रुखमिणीच्या तळपायाची आग मस्तकात जायची. तंबूत तर ती नवी नवरी असूनही उभी राहून ओरडली होती, "टिचकी मारून पाह्य ना व, बाई!" सारा तंबू हसला. नवरा टिकाराम मान खाली घालून बसला, आणि पुढे तीस वर्षं तिला चिडवत राहिला. "पडद्यावरच्या बाईले आयकू येते का व?"

यंदा हिवाळ्यात नागपूरचा दिग्दर्शक अमर त्याच गोष्टीवर पाचवा सिनेमा करायला निघाला, आणि नदी म्हणून त्याला यांच्याच गावचा तलाव आवडला! हिरॉइनला पोहता येईना. पाठमोरी पोहणारी बाई हवी, म्हटल्यावर सगळ्या गावाने रुखमिणीकडे बोट दाखवलं. पोरवयात ती घड्यावर तलाव ओलांडून शेतावर जायची. आता आनंदाने तिचे पाय जमिनीला लागेनात. खळ्यावरचं धानाचं चुरणं तसंच टाकून गाव तलावाच्या बांधावर, पाळीवर जमलं.

"मावशी, झुडपातला घडा उचलायचा आणि थेट पाण्यात. थांबायचं नाही," अमरने बजावलं.

रुखमिणी वाकली, घडा उचलला आणि सवयीने बोट गेलंच. टिचकी. थब्ब! कच्चाच. तिने घडा खाली ठेवला.

"कट!"

दुसऱ्यांदा तेच. तिसऱ्यांदाही तेच. पाळीवर हशा पिकला. ऊन उतरत चाललं होतं, अमरचा धीर सुटला. "मावशी, आता चुकलात तर दुसरी बाई बघावी लागेल." शेजारची डिंपल पदर खोचून तयारच होती.

रुखमिणीच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं, पण जीभ काही गप्प बसेना. "मी नाई चुकून राहिली, साहेब. तुमची गोष्ट चुकून राहिली. रोज घड्यावर जाते ते पोरगी. तिच्या हाताले कच्चा-पक्का समजत नाई काय?"

"समजतं, तर मग ती गेली कशाला?"

हे तिला कुणी कधी विचारलंच नव्हतं. तिने पलीकडच्या काठाकडे पाहिलं.

"समजूनच गेली असन," ती म्हणाली. "तो थंडीत उभा असन ना तिकडे."

अमर कॅमेऱ्यामागे जाऊन म्हणाला, "मारा टिचकी."

चौथ्यांदा थब्ब झालं, तेव्हा तिने घडा खाली ठेवला नाही. छातीशी धरला आणि पाण्यात शिरली. तलावाच्या मधोमध त्याचा चिखल झाला. तो हाताने झटकत, हसत, ती पोहून काठाला आली. गावाने शिट्ट्यांनी पाळ डोक्यावर घेतली.

सिनेमा लागला तेव्हा दोन ट्रॅक्टर भरून माणसं साकोलीला गेली. पडद्यावर हिरव्या गोंदणाचा तिचा हात भिंतीएवढा मोठा दिसला. टिचकी. थब्ब. कुणीही हसलं नाही. हात क्षणभर थांबला, मग त्याने घडा जवळ ओढला.

तिच्या शेजारून टिकाराम ताडकन उभा राहिला. चारचौघांत बायकोचं नाव कधी न घेणारा माणूस पडद्याकडे हात करून ओरडला, "रुखमे, नोको जाऊ व! कच्चा हाय तो!"

रुखमिणीने सदरा धरून त्याला खाली बसवलं.

"आयकू आलं मले," ती म्हणाली. "बसा."