तांदळाच्या डब्यातली ध्वनिफीत

मी एक जुनी ध्वनिफीत आहे, आणि आधीच कबूल करते, मी भित्री आहे. हसू नका, मित्रांनो. युद्धाच्या दिवसांत हनोईच्या चित्रपट स्टुडिओत नवी फीत मिळत नसे. एका चित्रपटाचं संगीत वापरून झालं, की तीच फीत पुसून तिच्यावर दुसऱ्याचं भरायचे. माझ्या अंगावरून असे तीन चित्रपट गेले. त्यांत काय होतं, मला ठाऊक नाही. पुसलेलं आम्हांला आठवत नाही.

चौथ्या खेपेला संगीतकार तोआनने माझ्यावर त्याच्या बायकोचं, थोआचं गाणं भरलं. पुढे महिन्याभरातच बॉम्ब पडले आणि थोआ गेली. तिचा आवाज तेवढा माझ्यापाशी राहिला. तोआनने मला गुपचूप घरी नेलं आणि दमट हवा लागू नये म्हणून तांदळाच्या डब्यात पुरून ठेवलं. भोंगा वाजला की मी थरथरायची. पण बॉम्बपेक्षाही मला पुसणाऱ्या यंत्राची धास्ती होती.

अखेर ती वेळ आलीच. नव्या चित्रपटासाठी वादक दूरच्या गावांतून सायकलींवर आले होते आणि संध्याकाळच्या आत त्यांना परतायचं होतं. एका तारेचं दान बाऊ वाजवणारे लामआजोबा तर सत्तरीचे. सगळे जमले, पण फीत नव्हती. ध्वनिमुद्रण करणारी तुयेन तोआनच्या घरी आली. डब्याचं झाकण नीट बसलं नव्हतं, ते तिने उचललं.

“दादा, फिती शिजवून खाता की काय?”

“ती खराब झालीय. बुरशी आलीय तिला.”

तुयेनने मला हुंगलं. “तांदळाचाच वास येतोय. दादा, वहिनी मलाही आवडायची. पण ती माणसं जीव मुठीत धरून आलीत. पुन्हा येतील, न येतील.”

तोआनने मला चिकटलेले तांदळाचे दाणे झटकले. मग म्हणाला, “लामआजोबांना एकदा ऐकू दे. मग पूस.”

स्टुडिओत लामआजोबांनी डोळे मिटून गाणं ऐकलं.

“पुन्हा लावू, आजोबा?”

“नको पोरी. पुन्हा ऐकलं तर हात चालायचा नाही.”

मला यंत्रावर चढवलं. भीतीने मी गारठून गेले. बटण तोआनने स्वतः दाबलं.

त्या दिवशी लामआजोबांनी एका तारेवर थोआचीच चाल वाजवली. चित्रपट गावोगावी दाखवला, तेव्हा बायका डोळे टिपत होत्या म्हणे. तुयेनने माझ्या डब्यावर लाल अक्षरांत ‘पुसू नये’ असं लिहिलं. पुढे वर्षानुवर्षं मी स्टुडिओच्या फडताळात पडून राहिले, आणि आता बुरशी खरंच आलीय.

मित्रांनो, ज्यांचं गाणं तुम्हांला आवडतं, त्यांच्याजवळ आजच बसा आणि ते पाठ करून घ्या. आमच्या भरवशावर राहू नका.

थोआच्या श्राद्धाच्या दिवशी म्हातारा तोआन येतो, मला ऐकतो आणि तुयेनला विचारतो, “अगदी तिच्यासारखं वाजतंय ना?” तुयेन हो म्हणते. मग तो माझ्याकडे बघतो. तिचा आवाज कसा होता, ते मला आठवत नाही.