चौदा मिलिमीटर

या मोझेइकच्या फरशीतला एक हात, एक गुडघा आणि पाण्याच्या सहा लाटा वेलियाने चोवीस वर्षांपूर्वी आपल्या बोटांनी जुळवल्या होत्या. फरशी मात्र ती आयुष्यात पहिल्यांदा पाहत होती.

त्यात नवल नव्हतं. उत्तर इटलीतल्या फ्रिउली प्रांतात, स्पिलिम्बेर्गो गावी, ती कामाला होती त्या कारखान्यात कामाची वाटणीच तशी होती. बायका लांब टेबलांशी बसत आणि खाकी कागदावर काढलेल्या उलट्या चित्रावर काळे-पांढरे खडे कणकेच्या खळीने पालथे चिकटवत. चित्राचं तोंड कागदात लपलेलं असे, बायकांना दिसे ती खड्यांची मळकट पाठ. मग कागद पेट्यांत भरून आगगाडीने जात. जिथे जात तिथे पुरुष गवंडी ते सिमेंटच्या ओल्या मालात बसवत, वरून कागद सोलून काढत, आणि चित्र पहिल्यांदा दिसे ते त्यांना. बायका तोवर पुढच्या कागदाला लागलेल्या असत.

छत्तीस साली वेलिया अठरा वर्षांची होती. रोममध्ये नदीकाठी, मोंते मारिओ टेकडीच्या पायथ्याची दलदल भरून काढून तिच्यावर तांबड्या भिंतींचं आणि पांढऱ्या संगमरवराचं भलंमोठं क्रीडासंकुल उभं राहत होतं. त्याच्या फरशीचे कागद वर्षभर त्यांच्या टेबलांवर होते. मल्ल, घोडे, पोहणारे, आणि अधूनमधून तेव्हाच्या हुकूमशहाचा जयजयकार करणारी अक्षरं. अक्षरं उलटी असली तरी बायकांना ती वाचता येत. वाचून त्या गप्प बसत.

आता साठ साल उजाडलं होतं. त्या माणसाचं राज्य केव्हाच मातीला मिळालं होतं, संकुलाचं नाव बदलून फोरो इतालिको झालं होतं, आणि ऑगस्टअखेर तिथे ऑलिम्पिकचे खेळ भरायचे होते. जूनमध्ये यंत्रसामग्री घेऊन आलेल्या एका ट्रकचं मागचं चाक फरशीत रुतलं आणि एका पोहणाऱ्याचा डोक्यापासून पायाच्या बोटांपर्यंत चुरा झाला. तिथल्या गवंड्यांनी उरलेल्या तुकड्यांवरून आणि जुन्या फोटोवरून कागदावर छाप घेतला व स्पिलिम्बेर्गोला धाडला. वेलिया आणि छत्तीस सालापासूनच्या तिच्या चार जोडीदारणींनी तीन आठवड्यांत नवा पोहणारा तयार केला.

तो बसवणारा कारखान्याचा माणूस ऐन वेळी पाठ धरून आडवा झाला. वेलिया मालकांपुढे जाऊन उभी राहिली. "मी जाते," ती म्हणाली. मालकांनी तिच्याकडे पाहिलं, मग कॅलेंडरकडे. दुसरं कोणी नव्हतंच.

आणि आता जुलैतल्या एका शुक्रवारी, भर दुपारी, पेटीतले कागद फुटक्या जागी खणलेल्या खड्ड्याशेजारी मांडून तिथल्या गवंड्यांचा दुइलिओ मिस्त्री दोन्ही हात कमरेवर ठेवून हसत होता.

"बाई, तुमच्याकडे मक्याची पोलेंता फार खातात असं ऐकलं होतं. पण दगडी माणसालाही चारता होय? हा फुगलाय की!"

त्याचे दोन्ही गवंडी फिदीफिदी हसले. वेलियाने टेप काढली. रुंदी बरोबर होती. लांबी खड्ड्याची दोन मीटर चाळीस, पोहणाऱ्याची दोन मीटर एकेचाळीस आणि वर चार मिलिमीटर. तिने तीन वेळा मोजलं. तिन्ही वेळा चौदा मिलिमीटर जास्त.

"छाप कधी घेतलात?" तिने विचारलं.

"दुपारी. जेवणाआधी. ऊन असं होतं की कागद वाळल्या पानासारखा वाजत होता."

"आकडे का नाही लिहिले त्याच्यावर?"

"आकडे?" दुइलिओ खरोखरच दुखावला. "कागद हेच माप. माझ्या बापानेही कधी आकडे लिहिले नाहीत."

वेलियाच्या कारखान्यातही हेच म्हणत. छाप स्पिलिम्बेर्गोला आला तेव्हा गावाशेजारची ताल्यामेंतो नदी दुथडी भरून वाहत होती आणि आठ दिवस पाऊस थांबला नव्हता. भिंतींना हात लावला तर ओले होत होते. रोममध्ये कोरडा ठणठणीत असताना आखलेला कागद तिकडे दमट हवा पिऊन फुगला, आणि कागद फुगतो तो एकाच अंगाने, धाग्यांच्या आडव्या दिशेने. म्हणून रुंदी बरोबर, लांबी चुकलेली. ते तिला कळायला हवं होतं. खडे चिकटवले फुगलेल्या रेघांवर. आता रोमच्या उन्हात कागद पुन्हा आखडेल, पण दगड काही आखडणार नव्हते.

देखरेखीवरचे इंजिनिअर तावात्सा तेवढ्यात आलेच. बारीक अंगाचे, घामाने बेजार. "काय झालं?"

"पाहुणा मोठा आहे, खाट लहान," दुइलिओ म्हणाला.

तावात्सांनी कपाळ पुसलं. "मग विषय संपला. उद्या दुपारी बारा वाजता काँक्रीटची गाडी येतेय, हा खड्डा भरून टाकू. आधीच अर्ध्या रोमला ही फरशी नको आहे. चार पावलं टाकली की त्या माणसाची स्तुती. एक तुकडा कमी झाला तर कोण रडणार आहे?"

"पोहणाऱ्याने कुणाची स्तुती केलेली नाही, साहेब," वेलिया म्हणाली. "तो पोहतोय."

"बाई, तो पोहतोय हे मलाही दिसतं. तो मावत नाही हेही दिसतं."

"उद्या बारापर्यंत वेळ आहे ना?"

"बारापर्यंत आहे. बारा वाजून एक मिनिटाने नाही."

ते गेल्यावर दुइलिओ जरा मऊ झाला. "कडेची एक ओळ उडवू. पायाकडची. कुणाला कळत नाही."

"पायाची बोटं जातील."

"पोहताना बोटं कोण बघतं?"

"मी बघेन."

ती खड्ड्याच्या काठावर पेन्सिल घेऊन बसली. आकडे लिहायला लागल्यावर तिचं डोकं थंड झालं. लांबीत एकामागे एक जवळपास दोनशे खडे होते. दर दोन खड्यांमध्ये मिलिमीटरभराहून थोडी जास्त फट. म्हणजे चौदा मिलिमीटर एका ठिकाणी शोधायचेच नाहीत, ते सगळ्या अंगात वाटून टाकायचे. कागद अठ्ठावीस ठिकाणी चिरायचा, आणि प्रत्येक चिरेशी अर्धा मिलिमीटर फट मिटवायची. अर्धा मिलिमीटर माणसाच्या डोळ्याला दिसत नाही. पण चिरा सरळ मारल्या तर रांगा दिसतील. म्हणून त्या लाटेच्या कडेने, दंडाच्या वळणाने, बरगडीच्या रेषेने न्यायच्या.

"आणि ओल्या मालात, कागदाखाली काही दिसत नसताना, अर्धा मिलिमीटर मोजणार कसा?" दुइलिओने विचारलं. या खेपेला तो हसत नव्हता.

"मोजायचा नाही. आधीच मोजून ठेवायचा." तिने खड्ड्याच्या लांबीची लाकडी पट्टी मागितली आणि तिच्यावर अठ्ठावीस खुणा केल्या. प्रत्येक पट्ट्याचं टोक कुठे संपलं पाहिजे, त्याची एकेक खूण. मग गुडघ्यांवर बसून तिने चाकूने पोहणाऱ्याला चिरायला सुरुवात केली. एकोणतीस पट्टे झाले. दुइलिओ उन्हात उभा राहून शेवटपर्यंत पाहत होता. "माझी बायको कोंबडीसुद्धा इतकी जपून कापत नाही," तो शेवटी म्हणाला, आणि स्वतःच जाऊन सावलीसाठी गोणपाटं घेऊन आला.

शनिवारी पहाटे पाच वाजता, ऊन तापण्याआधी, माल कालवला. वेलियाने थापी उचलली तेव्हा धाकटा गवंडी सवयीने पुढे झाला. "द्या बाई, हे काम आमचं."

"आजपासून माझंही," ती म्हणाली.

त्याने मिस्त्रीकडे पाहिलं. "माझ्याकडे काय बघतोस?" दुइलिओ गुरकावला. "पाणी आण."

पहिला पट्टा डोक्याकडचा. तो जुन्या कडेला भिडवला, पट्टीवरच्या खुणेला टेकवला, थापीने हलकेच ठोकला. दुसरा. तिसरा. माल घट्ट व्हायच्या आत एकोणतीसही बसायला हवे होते. दहाव्या पट्ट्याला तिची बोटं स्थिरावली. सतराव्याला माल उन्हाने आळायला लागला, तेव्हा दुइलिओने कुणालाही न विचारता ओलं गोणपाट तिच्या पुढ्यात धरलं आणि तसाच वाकून उभा राहिला. तेविसावा पट्टा खुणेच्या पुढे गेला. तिने तो उचलला, खालचा माल खरवडला, पुन्हा बसवला.

पायाची बोटं असलेला शेवटचा पट्टा तिने दोन्ही हातांनी खाली सोडला. तो जुन्या फरशीला लागून बसला. धक्का नाही, ठोका नाही.

पण पोहणारा अजून कागदाखालीच होता. कडा जुळल्या म्हणजे माणूस जुळला असं नाही. मधल्या चिरा सरकल्या असतील तर हाडं मोडल्यासारखा दिसेल. स्पंजने कागद भिजवला. खळ सुटायची वाट पाहायची होती. अकरा वाजले तशी, तासभर आधीच, फाटकातून काँक्रीटची गाडी आत आली आणि तिच्या मागोमाग तावात्सा.

"झालं का?"

"सोलते आहे."

तिने डोक्याकडचा कोपरा नखाने उचलला आणि कागद मागे वळवून ओढला. आधी केस आले. मग कपाळ, मग पाण्यावर टेकलेला गाल. हात आला, खांद्यापासून बोटांपर्यंत एका दमात, आणि त्याच्याखालची लाट जुन्या फरशीतल्या लाटेत अशी शिरली की शिवण कुठे ते वेलियालाच सापडेना. बरगड्या, मांडी, पोटऱ्या. शेवटचा कागद तिने झटक्यात काढला आणि बादलीभर पाणी ओतलं. काळा आणखी काळा झाला, पांढरा लखलखला. पाणी कुठेही न साचता माणसावरून वाहून गेलं.

टेबलावर तो तिच्या समोर नेहमी डावीकडे पोहत असे. इथे तो उजवीकडे, टेकडीकडे, सगळी ताकद लावून निघाला होता.

तावात्सा वाकले. तळहात फिरवला. दोनदा, तीनदा. "जोड कुठे आहे?"

"तुम्हीच शोधा," दुइलिओ म्हणाला आणि गाडीवाल्याकडे पाहून दोन्ही हात हवेत उडवत ओरडला, "अरे ने तुझं काँक्रीट घरी! तुझ्या सासूचं अंगण कर!" गवंड्यांनी टोप्या उडवल्या. शेजारच्या, संगमरवरी पुतळ्यांनी वेढलेल्या मैदानात धावायचा सराव करणारे लोक आवाज ऐकून पळत आले आणि का ते न विचारताच टाळ्या वाजवू लागले.

"बाई," तावात्सा टाळ्यांच्या वर आवाज काढून म्हणाले, "कारंज्यापाशी आणखी तीन ठिकाणी फरशी खचली आहे. कराल?"

"करते. पण कागद पाठवायचे नाहीत. इथेच चिकटवायचे, इथेच बसवायचे. माझ्या चार जणी इथे येतील."

"चार बायका? कामावर?"

"पाच," वेलिया म्हणाली. "मला धरून."

पुढच्या गुरुवारी चौघी रोमच्या तेर्मिनी स्टेशनवरून थेट तिथेच आल्या, हातात बोचकी, पायात चांगले बूट. फरशीच्या काठाशी थबकल्या. मग दिर्चेने बूट काढले, बाकीच्यांनी काढले आणि त्या अनवाणी चालू लागल्या. एकेक घोडा, एकेक मल्ल वाकून बघत, एकमेकींना हाका मारत.

"ऑगुस्ता, हा बघ तुझा बैल!"

"बैल नाही, घोडा आहे तो, आंधळे!"

"आणि ह्या मल्लाचा हा कान? वाकडा तो? हा कोणाचा?"

"माझा नाही."

"तुझाच! तेव्हा तुझं लग्न ठरलं होतं, लक्ष कुठे होतं तुझं!"

चौघी त्या कानाभोवती उकिडव्या बसून मोठमोठ्याने भांडू लागल्या आणि संकुलातल्या तलावाकडे पोहायला निघालेली माणसं त्यांना वळसा घालून जाऊ लागली.