चौथी पत्रावळ

नागपूरच्या इतवारीतल्या पत्रावळी हल्ली मशीनवर दाबलेल्या असतात.

भिवापुरी मिरची कढईत पडली की हुडकेश्वरच्या तिसऱ्या मजल्यावरही ठसका लागतो.

१९१५ साली बगदादच्या अलीकडे हरलेली इंग्रजांची फौज, तिच्यात आपलीही माणसं, नदीकाठानं कुट गावापर्यंत मागे हटली.

तीन नावं. चार पत्रावळी.

या शेवटच्या हिशेबानं पंकजची सकाळ नासली.

पितृपक्ष होता. वडील गेल्यानंतर पंकज पहिल्यांदाच पितरांची पानं मांडत होता. एक वडिलांचं, एक आजोबा जागेश्वरचं, एक पणजोबा रुपरावचं. त्याच्या आत्यानं, वच्छलाबाईनं, खिडकीखाली चौथं मांडलं. थोडं लांब.

"हे कोणाचं वं आत्या?"

"वाढ तू. तुया बापानं कधी विचारलं नाही."

"म्हणूनच विचारून राहिलो."

पंकजची बायको कामिनी वडे तळत होती. तिचा झारा थांबला.

आत्यानं घरातलं नेहमीचंच सांगितलं. आजा, म्हणजे रुपराव, उमरेडचा कोष्टी. माग सोडून फौजेत गेला, जखमींच्या डोल्या वाहिल्या. कुटपर्यंतच्या त्या पळापळीत सोबतचा एक मेला. त्याचं पान.

"नाव काय त्याचं?"

"मले काय मालूम."

अख्ख्या मोहल्ल्याच्या सोयरिकी आत्याला तोंडपाठ. आणि दरवर्षी घरी जेवणाऱ्याचं नाव ठाऊक नाही?

(पळणारी फौज कोणाला ओळखत नाही. जखमी बोटीवर चढला, नाव विचारलं, त्यानं सांगितलं. तेच त्याचं नाव.)

"आत्या, तू लहानपणी तुया आजाजवळच बसत होती ना? हे पान मांडताना आजा काय म्हणे?"

आत्या खिडकीबाहेर बघत राहिली. कावळा अजून आला नव्हता.

"म्हणे, रुपराव, जेव गा."

"रुपराव तर तो सोताच होता."

"हो."

कामिनीनं गॅस बंद केला.

म्हणजे खरा रुपराव तिकडंच मेला. खिडकीखालचं पान त्याचं. परत आला तो कोणी दुसराच. जागेश्वर त्याच्या पोटचा, पंकजही त्याच्याच रक्ताचा. तिसरं पान त्याचं, पण हाक कोणत्या नावानं मारायची?

"मारून नाव घेतलं असन तर?" पंकज म्हणाला.

"मारणारा जेवू घालते का गा?"

"घालते. भेऊन घालते."

"मंग जलमभर भेला म्हण."

"नाहीतर जखमी रुपरावाले टाकून पळाला असन. अशाले मी काहून वाढू?"

"नको वाढू," आत्या म्हणाली. "पण कोणाले नाही वाढत, ते सांग पयले."

पंकजच्या हातातला वडा निवत चालला. तिसरी पत्रावळ उचलून घडी घालायला काहीच लागत नव्हतं. कामिनी बघत होती. तो आधी खिडकीकडे गेला.

"रुपराव, जेव गा."

मग मागे वळला आणि तिसऱ्या पानावर वडा ठेवला.

"रुपरावाले जेवू घालणाऱ्या, तू बी जेव. पण माया तुयावर भरोसा नाही."

"त्याचा बी सोतावर नव्हता," आत्या म्हणाली.

१९१६ च्या उन्हाळ्यात उमरेडला परत आलेल्या माणसाला माग चालवता येत नव्हता. रुपरावच्या आईनं त्याला शिकवलं.