शेंदरी रंगाखालची चीर

मी एक जुना लोखंडी दांडा आहे आणि मला भीती वाटते. हसू नका, मित्रांनो. लोखंडाला कसली आली भीती, असं सगळेच म्हणतात. पण ज्याच्या दोन्ही टोकांना वजनं अडकवतात आणि ज्याच्याखाली दुसऱ्याचं लेकरू उभं राहतं, त्याने घाबरू नये तर कोणी घाबरावं?

माझं बालपण खामगावच्या एका जिनिंगमध्ये गेलं. सरकी काढणाऱ्या यंत्राचा मी आस होतो. दिवसभर गरगर फिरायचो आणि माझ्यावरून एक रुंद पट्टा धावायचा. बाया कापसाची गाठोडी घेऊन जवळून गेल्या की कोणाचा पदर त्या पट्ट्यात सापडतो की काय, या धास्तीने माझा जीव टांगणीला लागायचा. थांबावं म्हटलं तरी मला थांबता यायचं नाही. तेव्हापासून ही भित्री खोड मला लागली, ती काही सुटली नाही.

त्या जिनिंगमध्ये यंत्रांना तेल द्यायला उकंडराव होते. तिथल्या गोंगाटात कानाने काय ऐकू येणार? म्हणून ते पेचकसाची, म्हणजे स्क्रूड्रायव्हरची, मूठ दातांत धरायचे आणि त्याचं टोक यंत्राला टेकवायचे. यंत्राच्या पोटातली खडखड दातांतून डोक्यात जाते म्हणे. डोळे मिटून उभे राहायचे आणि मग म्हणायचे, "हे बेअरिंग रडून राह्यलं. बंद करा." संध्याकाळी हेच उकंडराव गावातल्या व्यायामशाळेचे वस्ताद असत. जिनिंग बंद पडलं तेव्हा त्यांनी मला मालकाकडून मागून घेतलं, लेथवर उतरवून बारीक केलं आणि प्लेटा आत सरकू नयेत म्हणून दोन्ही बाजूंना एकेक कडी वेल्डिंग करून बसवली. त्या ठिणग्यांनी मी असा होरपळलो की विचारू नका! पण फिरणं संपलं, पट्टा गेला, याचंच मला हायसं वाटलं.

वस्तादांचे दोन नियम होते. पहिला असा, की जो वजन उचलणार त्याने प्लेटा चढवण्याआधी व्यायामशाळेच्या जुन्या किल्लीने मला ठोकायचं आणि कान देऊन ऐकायचं. लोखंड धड असलं तर आवाज टण्ण येतो आणि लांबत जातो, तडा असला तर बद्द वाजून तिथेच मरतो. "आधी त्याले इचारा, मंग उचला," ते सांगायचे. दुसरा नियम थापेचा. वस्तादांनी पाठीवर थाप मारली की शिष्याने तोंड उघडायचं नाही. थाप म्हणजे आशीर्वाद, आणि आशीर्वादावर प्रश्न विचारायचा नसतो. वर्षानुवर्षं हे दोन्ही नियम गुण्यागोविंदाने नांदले.

माझेही चांगले दिवस होते बरं का! तालुक्याची पोरं माझ्यावर घडली. एके दिवशी सुचिता नावाची मुलगी दारात आली तेव्हा मात्र कुजबुज झाली, की पोरीच्या जातीने काय हे. वस्ताद म्हणाले, "दांड्याले काय समजते बे, पोरगा हाय का पोरगी? त्याले पाठ सरळ पायजे." सुचिता त्यांच्या हाताखाली शिकली, स्पर्धा जिंकली, बाहेरगावी राहून प्रशिक्षणाचं शास्त्र शिकली आणि परत इथेच मुलींना शिकवायला आली. तिथलं शास्त्र ती वहीतून सांगायची आणि इथलं वस्तादांच्या तोंडून. आल्यावर पहिल्यांदा वस्तादांच्या पायांना हात लावायची आणि मग मला. मला आपलं उगीच भरून यायचं.

तिच्या शिष्यांपैकी प्राची सगळ्यात तयारीची. तिची आई शालूबाई शेतमजुरीला जाते. प्राचीला पहिल्यांदा सोडायला आली तेव्हा ती मला पाहून दचकली. "येवढं जड? माह्या पोरीच्या मानंले काही झालं तं?" सुचिताने तिचे हात धरले आणि म्हणाली, "काकू, मी हाय ना. तिच्या केसाले धक्का नाई लागू देनार." हे वचन मीही ऐकलं. त्या दिवसापासून प्राचीची मान ही मला माझी जबाबदारी वाटू लागली.

मग गावात चकचकीत आरशांची जिम निघाली आणि व्यायामशाळा ओस पडू लागली. वस्ताद थकले. त्यांना ऐकू कमी येऊ लागलं, पण तसं त्यांच्या तोंडावर म्हणायची कोणाची छाती होती? सगळे जरा मोठ्याने बोलायचे, एवढंच. व्यायामशाळेची देखभाल त्यांचा पुतण्या गजेंद्र बघायचा. मनाचा वाईट नाही हो तो, पण कामात उरकाउरकी फार. उन्हाळ्यात काही पोरं मोबाईलवर व्हिडिओ काढायला आली. त्यांनी मला डोक्यावर धरलं, ओरडली आणि सोडून दिलं. मी दगडी ओट्याच्या कडेवर आपटलो. माझ्या डाव्या कडीपाशी, जिथे वेल्डिंगने मी आधीच भाजलो होतो तिथे, काहीतरी तडकलं.

केसाएवढी चीर. वरून दिसतही नव्हती, पण मला ठाऊक होती. मित्रांनो, तेव्हापासून मी धड उभा राहिलो नाही की आडवा पडलो नाही. कोणी हात लावला की वाटायचं, आता हा उचलतो, आता मी मोडतो, आता एका बाजूच्या प्लेटा पडतात आणि दुसरी बाजू त्या माणसाची पाठ पिळून टाकते. सांगणार कसं? मला तोंड नाही. किल्लीने ठोकतील तेव्हा कळेल, एवढीच आशा होती, पण पावसाळाभर मला कोणी ठोकलंच नाही. सुचिता मुलींना घेऊन स्पर्धांच्या सरावासाठी दुसऱ्या गावी जायची.

आणि दसरा आला. आमच्याकडे दसऱ्याला हत्यारांची, अवजारांची पूजा असते. या वर्षी तर वस्तादांचा सत्कारही होता आणि त्यानंतर प्राची मला खांद्यावर घेऊन बैठक मारून दाखवणार होती. गजेंद्रने आदल्या दिवशी मला घासलं नाही, पुसलं नाही, सरळ शेंदरी ऑइलपेंटचे दोन जाड हात मारले. मला देवासारखं सजवलं त्याने! चीर रंगाने बुजून गेली. सकाळी झेंडूच्या माळा घातल्या, हळदकुंकू वाहिलं, बायाबापड्यांनी नमस्कार केले. मी मात्र आतून लटलट कापत होतो. अरे, पाया कसले पडता, जरा नीट बघा की माझ्याकडे! पण कोण ऐकतो?

शालूबाई पुढच्याच ओळीत बसली होती, नवी साडी नेसून. प्राची आली. तिने माळा बाजूला केल्या आणि किल्ली हातात घेतली. मी म्हटलं, आता तरी!

तिने ठोकलं. बद्द.

तिने पुन्हा ठोकलं. बद्द.

पोरीच्या चेहऱ्यावरचा रंग उडाला. ती वस्तादांकडे वळली, तोंड उघडणार तेवढ्यात उकंडरावांनी तिच्या पाठीवर थाप मारली. टाळ्या पडल्या. झालं! आता बोलायचं नाही. गजेंद्रने मला खांद्याएवढ्या उंच दोन लोखंडी घोड्यांवर ठेवलं, माळा काढल्या आणि प्लेटा चढवल्या. तिच्या कानाशी तो म्हणाला, "रंगानं आवाज बसला असन. चाल लवकर, लोकं थांबले."

प्राची माझ्याखाली आली. तिचे खांदे थंडगार होते. तिने मला घोड्यांवरून बोटभर उचललं आणि माझी चीर करकरली. ते कोणाला ऐकू गेलं नसेल, पण तिच्या मानेला कळलं. देवा, आता नको, असं मी ओरडत होतो. मला तोंड असतं तर अख्खं खामगाव हादरलं असतं.

तिने मला परत घोड्यांवर ठेवलं.

"वस्ताद, मी नाई उचलत."

शालूबाई उभी राहिली. गजेंद्र हसून म्हणाला, "घाबरली का वं?"

"हाव, घाबरली," प्राची म्हणाली. आवाज कापत होता, पण लपवला नाही तिने. "दांडा बद्द वाजून राह्यला. मले भेव लागते."

उकंडरावांचा चेहरा लाल झाला. थाप पडल्यावर आजवर कोणी मागे फिरलं नव्हतं आणि तेही भर सत्कारात. "बद्द? माह्या हातचा दांडा हाय तो! सरक. मी दाखोतो." म्हाताऱ्याने फेटा काढून ठेवला आणि ते माझ्याखाली यायला लागले. माझी तर पाचावर धारण बसली. पोरीची मान वाचली म्हणून सुस्कारा टाकतो न टाकतो तोच ज्यांनी मला जन्म दिला त्यांची मान माझ्याखाली!

तेव्हा सुचिता धावत आली आणि तिने दोन्ही हातांनी मला घट्ट धरलं.

"सोड, सुचिता."

"नाई सोडत, वस्ताद."

"गुरूले आडवतं?"

"तुम्हीच शिकोलं ना, आधी त्याले इचारा म्हून?" तिच्या डोळ्यांत पाणी आलं. मग गावात कोणी सांगितलं नव्हतं ते तिने सांगितलं. "वस्ताद, तुम्हाले ऐकू येत नाई आता. खरंच येत नाई. पन तुमच्या दातांले तं येते!"

उकंडराव थांबले. मला वाटलं, आता हे उठून निघून जाणार आणि या पोरींचं तोंडही बघणार नाहीत. पण त्यांनी माझ्याखालून अंग बाहेर काढलं. मग हलक्या आवाजात म्हणाले, "प्लेटा उतरवा."

प्लेटा उतरल्या. वस्तादांनी माझं टोक दातांत धरलं, रंगासकट. जिनिंगमधल्यासारखेच डोळे मिटले. प्राचीने किल्लीने ठोकलं. त्यांनी डोळे उघडले नाहीत. बोटाने खूण केली, पुन्हा. तिने पुन्हा ठोकलं. मग त्यांनी किल्ली मागून घेतली आणि डाव्या कडीपाशी रंग खरवडू लागले. शेंदरी सालपटं त्यांच्या धोतरावर पडली. खाली माझी चीर उघडी झाली.

त्यांनी किल्ली खाली ठेवली. ते ओट्यावर बसले आणि हात जोडून शालूबाईला म्हणाले, "बाई, आज मी तुमची पोरगी मारली असती." शालूबाई धावतच पुढे आली. तिने प्राचीला जवळ ओढलं आणि तिच्या मानेवरून हात फिरवत राहिली. गजेंद्र रंग लागलेले हात पाठीमागे धरून भिंतीशी उभा होता. त्यालाही रडू फुटलं.

आता मला कोणी उचलत नाही. भंगारात देतील या भीतीने मी काही दिवस काढले, पण वस्तादांनी मला दारातच दोरीने टांगलं. शेजारी नवा दांडा ठेवला आहे. नवीन मूल आलं की उकंडराव त्याच्या हातात किल्ली देतात. त्याने आधी नव्याला ठोकायचं, मग मला. थापेचा नियमही बदलला आहे. आता वस्ताद आधी विचारतात, "कसा वाजला?" उत्तर मिळाल्यावरच थाप पडते. मूल लाजून गप्प राहिलं तर ते कानामागे हात धरून वाकतात आणि म्हणतात, "मोठ्यानं सांग रे बाप्पा, मले ऐकू येत नाई."

मित्रांनो, मला रंगवू नका, हारही घालू नका. ज्याच्यावर तुमची भिस्त आहे त्याच्याकडे रोज नीट बघा, तेवढं पुरे. आणि तुमचे गुरू कितीही थोर असोत, पोटात भीतीचा गोळा आला तर गिळू नका, सांगा. मी अजूनही घाबरतो. किल्ली जवळ आली की आजही धस्स होतं. पण परवा एक चिमुरडी आली, तिने मला ठोकलं, नाक मुरडलं आणि साऱ्या व्यायामशाळेला ऐकू जाईल एवढ्याने ओरडली, "वस्ताद, हा फुटका हाय!"

"शाब्बास," उकंडराव म्हणाले आणि तिच्या पाठीवर थाप मारली.