दिलावरदादांचा आवाज माझ्यात होता

मी एक जुना टेपरेकॉर्डर आहे. कोपरगावात दिलावरदादांच्या घरी, शिलाई मशीनशेजारी पडून असतो. मित्रांनो, माझ्या हातून जे घडले ते आज तुम्हाला सांगतो.

दादा साखर कारखान्यात कामाला होते, पण त्यांचा जीव नाटकात. स्वतः लिहायचे, बसवायचे आणि कामही करायचे. नट म्हणजे कारखान्यातले कामगार आणि ऊसतोडीला आलेली माणसे. पाथर्डीकडची पुष्पावती त्यांतलीच. पहिल्याच दिवशी ती म्हणाली, "दादा, मला वाचाया येत न्हाई."

"मग ऐकून शिक की!" दादा हसले आणि दुसऱ्या दिवशी शिर्डीहून मला घेऊन आले.

तेव्हापासून ते सगळ्या पात्रांची वाक्ये माझ्यात बोलत. म्हातारी, मुकादम, रडणारे पोर, सगळे आवाज त्यांचेच. पुष्पावती मला कानाशी धरून पाठ करी. नगरच्या स्पर्धेत तिला अभिनयाचे बक्षीस मिळाले, तेव्हा गळ्यातला हार काढून तिने मला घातला.

मग दादा मालिकांत काम करायला मुंबईला गेले. सहा वर्षांत एकदा हवालदार झाले आणि एकदा प्रेताला खांदा देणारा माणूस. परतले ते बसलेला घसा घेऊनच. कर्करोग निघाला. स्वरयंत्र काढावे लागेल, असे डॉक्टर म्हणाले.

शस्त्रक्रियेआधीच्या आठ दिवसांत दादांनी एक नवे नाटक माझ्यात बोलून ठेवले. कागदावर एक ओळही नव्हती. मधेच खोकल्याची उबळ येई, रुमालाला रक्त लागे. त्यांच्या पत्नी अख्तरीभाभी म्हणाल्या, "बास करा आता."

"आवाज हाय तवर बोलू दे गं."

त्यानंतर दादा कधीच बोलले नाहीत.

त्यांनी नाटकातल्या मंडळींना 'ऐकायला या' असे निरोप धाडले. "ऐकू की दादा, सवडीनं," जो तो म्हणे. कोणाचा हंगाम, कोणाच्या घरी लग्न. दादांना स्वतःला तो आवाज ऐकवेना. चार वर्षे कोणी मला पुसले नाही की चालवले नाही. चाके फिरवणारा माझा रबरी पट्टा वितळून चिकट झाला. पोटातल्या कॅसेटने ओल धरली.

गेल्या वर्षी पुष्पावतीने सगळ्यांना गोळा केले. दादांनी नवा सदरा घातला, बटण स्वतः दाबले.

"ऐका रे," माझ्यातून दादा म्हणाले.

पुष्पावतीने पदर तोंडाला लावला. दहा मिनिटे कोणी हलले नाही. मग माझी चाके अडखळली, दादांचा आवाज जाड झाला आणि मी फीत चावली. दादांची लेक उझ्मा धावली. तिने ओढताच चिकटलेल्या फितीचे तुकडे तिच्या हातात आले. दादांचे तोंड उघडले. आवाज नव्हता.

"दादा, आता लिवून द्या ना," पुष्पावती रडत म्हणाली.

दादांनी पाटीवर लिहिले, 'आठवत नाही.'

यंदाच्या उन्हाळ्यात ते गेले.

मित्रांनो, यंत्रे झाडूनपुसून ठेवावीत, हे खरेच. पण तेवढ्यासाठी मी बोललो नाही. घरातले कोणी 'ऐका' म्हणाले, तर त्याच दिवशी बसा. सवड नंतरही मिळते, आवाज मात्र वाट पाहत नाही.

अख्तरीभाभी अजून कधी दुपारी माझे बटण दाबतात आणि कान लावून बसतात. माझ्याजवळ त्यांना द्यायला काहीच नाही.