पारबताचं घर

ममता रामटेकेला एका जागी बसवत नसे. मारेगावच्या शाळेत ती वर्गातले बाक हलवायची. पुढे नागपूरला चित्रकला शिकून मुंबईत सिनेमांची कला दिग्दर्शक झाली, तरी शॉट लागेपर्यंत तिचा हात काही ना काही सरकवतच असायचा.

यंदा काम गावाकडेच आलं. मारेगावबाहेरच्या पडीक रानात तिनं सिनेमातल्या पारबता नावाच्या एकट्या बाईचं घर उभारलं. चुलीमागची भिंत धुरानं काळी केली. हात लागून लागून चौकटीला जी चकाकी येते, ती तेल घासून आणली. आणि शूटिंगच्या सकाळी पारबता करणारी नटी तापानं फणफणली.

"ताई, तुम्हीच बसा," दिग्दर्शक सुनील म्हणाला. "नुसती मुलीची वाट पाहायची. संवादसुद्धा नाहीत."

"बसणंच तर मला जमत नाही, सुनील."

तरी लुगडं नेसवून तिला दारात बसवलं. कॅमेरा सुरू झाला आणि कोनाड्यातली रॉकेलची चिमणी तिला तिरकी दिसली. ती उठली, चिमणी सरळ केली, परत बसली. मग पाण्याचा पितळी गुंड सरकवला. खुंटीवरची पिशवी काढून पुन्हा टांगली. आपण कॅमेऱ्यासमोर आहोत हे ध्यानात आलं तेव्हा ती ओशाळली.

"चुकलं. पुन्हा घेऊ."

"नको," सुनील हलकेच म्हणाला. "वाट पाहणारी बाई अशीच असते."

सिनेमा चालला आणि ममताचं नाव झालं, पण नटी म्हणून. तिच्या अस्वस्थ हातांवर सगळ्यांनी लिहिलं. घराबद्दल अवाक्षर नाही. आई धुरपताबाईला घेऊन ती यवतमाळला सिनेमा पाहायला गेली. बाहेर पडताना आईचे डोळे ओले होते.

"रडवलंस व बाई! अन् ते घर कोनाचं होतं? भाड्यानं घेतलं का?"

"मीच बांधलं, आई."

"काही बी सांगतं! किती वर्साचा धूर होता त्या भिंतीले."

याहून मोठी शाबासकी कोणती? तरी ती ममताला बोचत राहिली.

दुसऱ्या दिवशी एका निर्मात्याचा फोन आला. मोठा सिनेमा, नायकाच्या आईची भूमिका. सेट कोणाचा, असं तिनं विचारलं. त्याचा माणूस ठरला होता. दिवसभर ती अंगणात येरझाऱ्या घालत राहिली आणि संध्याकाळी तिनं कळवलं, "करते. पण घर मी बांधीन, तरच."

भूमिका दुसरीकडे गेली. ममताला रुखरुख लागली. ती भूमिका आपल्याला हवी होती की नको, हेही तिला ठरवता येईना. भरल्या ताटावरून ती मधेच उठायची.

मग पांढरकवड्याजवळ, हायवेच्या कडेला ढाब्याचा सेट उभारायचं काम आलं. छोटा सिनेमा, नवखी दिग्दर्शिका. विटांचा ट्रॅक्टर येऊन उभा राहिला तशी ती ममताजवळ येऊन अडखळत म्हणाली, "ताई, ढाब्याची मालकीण अजून ठरलेली नाही. तुम्ही..."

"आधी भट्टी तर बांधू दे मला," ममता म्हणाली आणि पदर खोचून विटा उतरवून घ्यायला निघाली.